कासवाचा वाटा

आपल्या बेटावर पांढऱ्या रविवारी, मुलांच्या सणाला, सगळं उलटं असतं. एरवी थोरांची जेवणं उरकली की मुलांच्या वाट्याला उरलंसुरलं; त्या दिवशी मात्र मुलं आधी बसतात, आणि माताई, म्हणजे कुटुंबाचा प्रमुख, असो की पाद्री, मोठी माणसं पंख्याने माश्या वारत त्यांना वाढतात. सापेताने असे अडुसष्ट रविवार पाहिले होते. मोठ्या वादळाच्या वर्षी गावात एक धड छप्पर उरलं नव्हतं, तरी मुलं पांढरं नेसूनच चर्चला गेली होती, तेही तिला काल घडल्यासारखं आठवत होतं. पण चर्चमध्ये मुलं उठून वचनं म्हणत असताना आपणही मनात आपला धडा घोकावा, असं एवढ्या वर्षांत कधी झालं नव्हतं. आज ती घोकत होती. कारण जेवणं झाल्यावर परीक्षा तिची होती.

लूपे, तिच्या भाच्याची सहा वर्षांची पोर, वचनाच्या मधेच अडली. "आणि प्रभू म्हणाला... आणि प्रभू म्हणाला..." पुढे काही येईना. तिसऱ्या बाकावरून तिची आई ओठ हलवून सांगत होती, ते लूपेला दिसत नव्हतं. एरवी सापेताने भुवया वर नेल्या असत्या. चाळीस वर्षं गावातल्या पोरांना अक्षरं शिकवलेली ती बाई. तिच्या भुवया वर गेल्या की चर्चच्या मागच्या आंब्यावरचे पक्षीसुद्धा गप्प होत, असं लोक म्हणत. आज तिने मनातच म्हटलं, ये पोरी, माझ्या शेजारी बस, आपण दोघी सारख्याच.

ही परीक्षा गळ्यात पडली ती गुरुवारी.

रूता ऑकलंडहून परत आली तेव्हा तिच्याबरोबर दोन खोकी होती. एकात जुनाट संगणक; दुसऱ्यात, लुगड्यात बाळ गुंडाळावं तसं गुंडाळलेलं, एक यांत्रिक कासव. ताटाएवढं, पाठीवर पारदर्शक घुमट, घुमटाला गेलेला तडा चिकटपट्टीने सांधलेला, खाली दोन चाकं, पोटात पेन, आणि शेपटीच्या जागी लांबलचक तार. ऑकलंडच्या शाळेने नवं सामान आलं म्हणून ते टाकून दिलं होतं. संगणकात शब्द लिहायचे, त्याबरहुकूम कासव कागदावर चालायचं, आणि चालेल तिथे रेघ उमटायची. पोरं अशी शिकतात, रूता म्हणाली, संगणकाला कामं कशी सांगायची ते. तिला गावातच राहायचं होतं, आणि पाहुण्यांच्या घरात पोरांसाठी असा वर्ग काढायचा होता.

पण घर कुटुंबाचं, आणि कुटुंबाचा शब्द माताईचा. माताई म्हणजे फालेतोआ, सापेताचा धाकटा भाऊ. रूता जन्माने त्याची आणि वायोलेतीची मुलगी. पण तिसऱ्या वर्षी त्यांनी ती बिनमुलाच्या सापेताच्या ओटीत घातली होती, जशी आपल्याकडे रीतच आहे. रूता दोघींनाही आईच म्हणे. तिने हाक मारली की दोघी वळत, आणि एकीला परत फिरावं लागे. गेली एकतीस वर्षं परत फिरणारी बहुतेक वेळा वायोलेतीच होती.

"खेळणं आहे," गुरुवारी वायोलेती म्हणाली होती. "पोरं काय, शिंपल्यांशीही तासन् तास खेळतात. त्यासाठी ऑकलंडची नोकरी सोडायची? परत आलेली मास्तरीण म्हणजे तिथून हाकललेली, असंच म्हणणार लोक."

"आई, हे खेळणं नाही. आणि मला कुणी हाकललं नाही."

"मग आमच्या वन्संना शिकवून दाखव. अडुसष्टाव्या वर्षी त्यांच्या हातून ते कासव चाललं, तर म्हणेन की गावातलं कुणीही शिकेल."

फालेतोआचा पंखा थांबला. बहिणीला चारचौघांत अडचणीत आणणं भावाला शोभत नाही. आपल्याकडे बहीण म्हणजे भावाच्या घराने देवाशी केलेला करार; तिचा मान मोडायचा नसतो. तो बायकोकडे रागाने बघायला लागला, तोच सापेता म्हणून गेली, "करीन की. त्यात काय?"

"ताई, तुला गरज नाही..."

"करीन म्हटलं ना!"

मग फालेतोआने माताईच्या आवाजात सांगितलं, "रविवारी, मुलांची जेवणं झाल्यावर, सगळ्यांसमोर. जमलं तर पाहुण्यांचं घर रूताच्या वर्गाला. नाही जमलं तर सोमवारच्या बोटीने ती खोकी परत जातील, आणि खोक्यांबरोबर रूताही."

त्या रात्री सापेताला अंथरुणावर एकच गोष्ट कळत होती. पोर एकदा तीन वर्षांची असताना आली, आणि एकदा आता, चौतिसाव्या वर्षी. तिसऱ्यांदा येणार नाही.

*

शुक्रवारी सकाळी ती संगणकापुढे बसली, आणि पहिला राग आला तो अक्षरांचा.

"ही कुणी लावली अशी? क्रमाने का नाहीत? माझ्या वर्गात कुणी असा तक्ता लावला असता तर त्याला मी उन्हात उभं केलं असतं."

"ती तशीच असतात, आई. सगळ्या जगात."

"सगळं जग उन्हात उभं करायला हवं."

रूताने संगणकाला आपल्या बोलीतले शब्द आधीच शिकवून ठेवले होते: पुढे, मागे, डावीकडे, उजवीकडे. सापेताने एका बोटाने, एकेक अक्षर शोधत पहिलं वाक्य लिहिलं. ती पाद्र्याच्या शाळेत वाढलेली. कुणाला काही सांगायचं तर आधी नम्रपणे विचारावं, हे तिच्या हाडात होतं. तिने लिहिलं, 'कृपया पुढे जा.'

पडद्यावर उत्तर आलं: 'कृपया कसं करायचं ते मला माहीत नाही.'

सापेताने ती ओळ बोट ठेवून पुन्हा वाचली.

"हे असं नेहमी म्हणतं?"

"न कळलेला शब्द आला की म्हणतं. काय कळलं नाही तेही सांगतं."

"चाळीस वर्षांत एक पोरगं मला असं म्हणालं नाही," सापेता म्हणाली. तिला आपला खराट्याच्या हिराचा चाबूक आठवला. सोळाव्या वर्षी ती शिकवायला लागली तेव्हा तिच्या वर्गात सात वर्षांचा सेफो होता. तोच, जो पुढे फालेतोआची पदवी घेऊन माताई झाला. त्याला काही येत नसलं की तो छतातल्या पालीकडे बघत ओठ हलवायचा, म्हणजे म्हणतोय असं वाटावं. ती हिर पायावर ओढायची. "माहीत नाही" हे दोन शब्द तो कधीच बोलला नाही. बोलायला जागा तरी कुठे ठेवली होती तिने?

तिला कासवाकडून तिची रोजची फेरी काढून घ्यायची होती. चाळीस वर्षं ती घरातून समुद्रावर जाई, तोंड धुई, किनाऱ्याने चर्चच्या शाळेत जाई, आणि संध्याकाळी चर्चपासून वर डोंगराच्या बाजूच्या रस्त्याला लागून घरी येई. घर, समुद्र, चर्च, रस्ता, पुन्हा घर. चार बाजूंचा चौकोन. यात अवघड काय? तिने लिहिलं: पुढे चाळीस, म्हणजे समुद्र. उजवीकडे वळ, पुढे चाळीस, चर्च आलं. आता मागे चाळीस, म्हणजे डोंगराच्या बाजूला. मग डावीकडे वळ, पुढे चाळीस, की घर.

कासव समुद्रावर गेलं. चर्चलाही गेलं. मग पाठ न वळवता, खेकड्यासारखं, आल्या वाटेने मागे आलं; डावीकडे वळलं, आणि घर सोडून थेट खोल समुद्रात निघालं.

"हे बिघडलंय," सापेता म्हणाली.

"ते बिघडत नाही, आई. तू सांगतेस तसंच जातं."

"मी त्याला घरी ये म्हटलं!"

शनिवारीही तेच. दहा वेळा कासव समुद्रात बुडालं. रूताही चक्रावली. ऑकलंडच्या मुलांच्या हजार चुका तिने पाहिल्या होत्या, ही पाहिली नव्हती. सरळ उत्तर सांगून टाकावं असं तिच्या तोंडावर आलेलं सापेताला दिसत होतं.

"सांगू नकोस," सापेता म्हणाली. "सांगितलंस तर शिकलीस तू, मी नाही."

हे वाक्य आपण बोललो, याचं तिलाच नवल वाटलं. तिने आयुष्यभर फक्त सांगितलंच होतं.

*

मुलांची जेवणं झाली. डुकराचं मांस, नारळाच्या दुधात शिजवलेली अळूची पानं, कोको घातलेला भात आणि शेवटी आइस्क्रीम, इतकं चापल्यावर पांढऱ्या कपड्यांना आता पांढरं म्हणणं कठीण होतं. मग मोठ्यांची पंगत झाली, आणि सगळे आपापल्या खांबाशी बसले.

आपल्या घरांना भिंती नाहीत, पण खांब आहेत, आणि प्रत्येक खांब कुणाचा ते ठरलेलं आहे. चर्चच्या बाजूच्या टोकाला फालेतोआ. समोरच्या टोकाला पाद्री. डोंगराच्या बाजूच्या मधल्या खांबाला टेकून, समुद्राकडे तोंड करून सापेता; लग्नं, मयतं, भांडणं, सगळी तिने त्याच खांबाशी बसून पाहिली होती. आणि तिच्या बरोब्बर समोर, समुद्राकडे पाठ करून वायोलेती. घराबाहेर, गवतावर, अर्धं गाव. भिंती नसल्या की परीक्षेला प्रेक्षक कमी पडत नाहीत.

मधल्या मोकळ्या जागेत फळीवर पांढरा कागद पसरलेला होता. त्यावर कासव.

"पाद्रीबाबा, रविवारी हे चालेल ना?" वायोलेतीने शेवटचा प्रयत्न केला. "काम म्हणजे काम."

"मुलांचा दिवस आहे," पाद्री म्हणाले. पोट भरलेलं असलं की ते फार उदार होत. "आणि मला स्वतःला बघायचंय."

फालेतोआ खाकरला. "माझ्या आजोबांच्या काळी किनाऱ्यावर कासव सापडलं की ते आधी या घरी यायचं. कासव माताईच्या वाट्याचं. आज किती वर्षांनी आलंय, आणि तेही शिजणार नाही असलं!"

हशा पिकला. त्या हशातच सापेताने पहिली कळ दाबली.

पुढे चाळीस. कासव घरघरत निघालं, मागे निळी रेघ. बाहेर मुलांनी "ओ!" केलं. उजवीकडे. पुढे चाळीस. तिने आज क्रम तोच ठेवला होता, फक्त आकडे पुन्हा पुन्हा तपासले होते. चूक आकड्यांतच असणार अशी तिची खात्री होती. मागे चाळीस. कासव पाठमोरं परत आलं. डावीकडे. पुढे चाळीस.

कासव कागदावरून उतरलं, चटईच्या काठाला अडखळलं, आणि सरळ जाऊन वायोलेतीच्या मांडीजवळच्या आइस्क्रीमच्या डब्यात तोंड खुपसून थांबलं.

गवतावरची पोरं लोळायला लागली. वायोलेतीने डबा उचलून बाजूला ठेवला. ती हसली नाही, आणि तेच सापेताला जास्त लागलं.

"डावीकडे सांगायचं होतं, सापेता!" पाद्री म्हणाले.

"छे, उजवीकडे!" बाहेरून कुणी ओरडलं.

"उजवीकडे तर पाद्रीबाबा बसलेत," वायोलेती म्हणाली.

"तुझ्या उजवीकडे. माझ्या उजवीकडे तर तूच नाहीस, समुद्रही नाही!" पाद्री म्हणाले.

पाच खांबांवरून पाच डावीकडे आणि सहा उजवीकडे येऊ लागले. रूता पांढऱ्या तोंडाने कासवाचं नाक पुसत होती. सापेताला वाटलं, आपण छताकडे बघत ओठ हलवावेत. पण मग तिने कळफलकावरचे हात मांडीवर घेतले आणि मोठ्याने, गावाला ऐकू जाईल असं म्हटलं,

"मला माहीत नाही."

डावे-उजवे सगळे थांबले. सापेता मास्तरणीच्या तोंडून हे शब्द तिथे कुणी ऐकले नव्हते.

आणि मग जे झालं ते त्याआधी त्या घरात कधी झालं नव्हतं. फालेतोआ आपल्या खांबापासून उठला. बैठकीत माताई उठत नाही. घर कोसळलं तर कदाचित. तो कमरेत वाकून, बसलेल्यांची माफी मागत, मधे आला, कासवाच्या जागी उभा राहिला आणि समुद्राकडे तोंड केलं.

"मला सांग, ताई. मी कासव."

"सेफो, वेडा झालास का? खाली बस."

"वर्गात मी तुझं कधी ऐकलं नाही. आज ऐकतो. पण तू म्हणशील तेवढंच करीन, जास्त नाही. सांग."

"पुढे... चार पावलं."

माताई चार पावलं गेला.

"उजवीकडे वळ. पुढे चार." तो चर्चच्या बाजूला गेला, आपल्याच खांबाजवळ पोचला. गवतावर कुणी तरी टाळी वाजवली, कुणी तरी त्याला दाबलं.

"आता मागे चार."

माताई, हातात पंखा, गळ्यात माळ, कमरेला भारी वस्त्र, लावालावा, नेसलेला, तोंड न वळवता एकेक पाऊल मागे टाकत आला. बायकांनी तोंडावर पंखे धरले. तो आता पुन्हा वायोलेतीच्या पुढ्यात होता.

"डावीकडे. पुढे चार."

तो वळला, एक पाऊल टाकलं, आणि थांबला. "समोर वायोलेती आहे. हिच्यापुढे कसं जायचं ते मला माहीत नाही. छत्तीस वर्षांत जमलेलं नाही."

मग मात्र घर फुटलं. पाद्रीबाबांच्या डोळ्यांतून पाणी आलं. वायोलेती नवऱ्याच्या पायावर पंखा मारत म्हणाली, "मेल्या, कासव बोलत नसतं!" आणि म्हणताना तिचाही तोल सुटला, हसता हसता ती शेजारणीच्या खांद्यावर कलंडली.

फक्त सापेता हसत नव्हती. ती भावाकडे टक लावून बघत होती.

"थांब," ती म्हणाली. "सेफो, परत चर्चपाशी जा. तिथे उभा राहा. चर्चकडे तोंड कर."

तो गेला.

"आता तुझ्या मागे काय आहे?"

"मागे? पाद्रीबाबा."

"डोंगर नाही?"

"डोंगर माझ्या उजव्या हाताला आहे, ताई."

सापेता उठली. तिनेही आपला खांब सोडला. गुडघे कुरकुरले, पण ती तशीच चालत गेली आणि भावाच्या पाठीमागे, त्याच्या दोन्ही खांद्यांवर हात ठेवून उभी राहिली, आणि तो बघत होता तिकडे तिने पाहिलं. चर्चचा पांढरा दरवाजा. उजव्या हाताला खरंच डोंगर. चाळीस वर्षं ती या वळणावरून गेली होती, पण त्या फेरीचा विचार करायची ते आपल्या खांबाशी बसून. तिथून समुद्र नेहमी पुढे, डोंगर नेहमी पाठीला.

"मी माझ्या जागेवरून बोलत होते गं," ती रूताला म्हणाली, हळू, जणू चोरी सापडली होती. "त्या बिचाऱ्याला त्याच्या जागेवरूनच ऐकू येतं."

रूताने ओठ दाबून मान हलवली.

"उजवीकडे वळ, सेफो." दोघं वळली. "पुढे चार." साठीच्या घरातला माताई आणि अडुसष्टाची मास्तरीण, एकामागे एक, डोंगराकडे चार पावलं चालली. "उजवीकडे वळ. पुढे चार." आणि सेफो आधी जिथून निघाला होता तिथे ती पोचली. "पुन्हा उजवीकडे." समोर समुद्र.

"घर!" लूपे बाहेरून ओरडली. "माताई घरी आले!"

सापेता मात्र बोटं मोजत होती. "पुढे, उजवीकडे. पुढे, उजवीकडे. अगं, हे तर चारदा तेच आहे! मी मागे नि डावीकडे कशाला आणत होते?"

"चारदा तेच असेल," रूता म्हणाली, "तर एकदाच सांगता येतं. चार वेळा कर म्हणायचं. आणि त्या सगळ्याला तू एक नावही देऊ शकतेस. मग नुसतं नाव घेतलं की कासव सगळं करील."

"म्हणजे मी त्याला नवा शब्द शिकवायचा?"

"हो."

"मी," सापेता म्हणाली, "कासवाची मास्तरीण?" आणि ती अशी लगबगीने पडद्यापुढे बसली की गुडघे कुरकुरायचेही विसरले.

एका बोटाने, अक्षरांच्या त्या बेशिस्त पंगतीला शिव्या घालत, तिने कासवाला 'फेरी' म्हणजे काय ते शिकवलं. एकदा मधली जागा सोडायची राहिली. कासवाने माहीत नाही म्हटलं. "शाब्बास, विचारलंस ते बरं केलंस," सापेता त्याला म्हणाली आणि चूक दुरुस्त केली. रूताने नवा कागद पसरला. सापेताने लिहिलं, 'फेरी'. एवढंच.

कासव समुद्रावर गेलं. वळलं. चर्चला गेलं. वळलं. इथे सापेता पुढे झुकली. कासव डोंगराच्या बाजूला निघालं, रस्त्याला लागलं, वळलं, आणि निळी रेघ ओढत ओढत सुरुवातीच्या ठिपक्यावर येऊन, समुद्राकडे तोंड करून उभं राहिलं.

गवतावरची पोरं आत घुसली. कुणी खांब मानला नाही, कुणी माफी मागितली नाही. पाद्रीबाबांनी उठून टाळ्या पिटल्या. "मला! मला! आता मी!" अशा चिखलाने आणि कोकोने माखलेल्या वीस हातांच्या मधे सापेता मास्तरीण बसली होती, आणि तिच्या भुवया वर गेल्या होत्या, पण त्या रागाने नव्हेत.

फालेतोआ आपल्या खांबाशी परत बसला. त्याने पंखा जमिनीवर आपटला, तशी घरात शांतता झाली.

"मी मघाशी काय म्हणालो? कासव माताईच्या वाट्याचं. ते माझं आहे." लूपेचं तोंड पडलं. "आणि आज पांढरा रविवार आहे. आज मुलं आधी जेवतात. तेव्हा माझा वाटा मी मुलांना देतो. पाहुण्यांच्या घरात ते राहील. पाहुणे माझ्याकडे झोपतील."

मग आवाज उतरवून तो बहिणीला म्हणाला, "ताई, मला वर्गात घेशील? या खेपेला हिर नको."

"या खेपेला तूच शिकवलंस, सेफो," ती म्हणाली. "आणि हिर मी कधीच चुलीत घातला." हे खोटं होतं. तो अजून तिच्या छपरात खोचलेला होता. तो दुसऱ्या दिवशी सकाळी चुलीत गेला.

मग वायोलेती उठली, पोरांना कोपराने बाजूला सारत आली, आणि सापेताला म्हणाली, "सरका जरा, वन्सं."

सापेता सरकली. वायोलेतीने कळफलकाकडे असं पाहिलं जसं बाजारात शिळ्या माशाकडे बघावं. मग एकेक अक्षर शोधू लागली. फार वेळ लागला. पोरं वाकून बघत होती. रूता तिच्या मागे उभी होती.

वायोलेतीने लिहिलं: 'रूता घरी ये'. कळ दाबली.

पडद्यावर उत्तर उमटलं: 'रूता कसं करायचं ते मला माहीत नाही.'

वायोलेती त्या ओळीकडे बघत राहिली, पाठ ताठ करून, एकतीस वर्षं जशी ताठ ठेवली होती तशी.

मागून रूता खाली वाकली आणि तिने वायोलेतीच्या खांद्यावर हनुवटी टेकवली.

"मला माहीत आहे, आई," ती म्हणाली.

त्या हाकेला दोघींनी एकदमच ओ दिली. आणि त्या दिवशी कुणालाच परत फिरावं लागलं नाही.